काळे भरायच्या जागा

बाटली मसाल्यातल्या सुरमईवर झाकण ठेवून ॲनीने पुन्हा आतल्या खोलीच्या दाराकडे पाहिले. दार बंदच होते. कल्याणच्या या घरात राहायला आल्यापासून ते दिवसा कधी लागल्याचे तिला आठवत नव्हते. तिच्या नवऱ्याला, रोहेलिओला, काम करताना घरातले आवाज हवे असत. कुकरची शिटी, रस्त्यावरच्या रिक्षा, सेरेना लहान होती तेव्हा तिचे पाढे. फार शांत झाले की हात घाबरतो, असे तो म्हणे. आज मात्र चर्चमधल्या मिस्साहून परतल्यावर बूटसुद्धा न काढता त्याने आत जाऊन कडी लावली होती.

बाहेरच्या खोलीत तिच्या थोरल्या भावाचा आवाज चढला होता. केनेथ आणि त्याची बायको मैथिली डोंबिवलीहून जेवायला आले होते, आणि केनेथ आल्यापासून रोहेलिओच्या, त्याच्या लाडक्या रोयच्या, मनिलाच्याच गोष्टी करत होता.

"जानेवारीत. स्टेजवर बोलावून सन्मान करणार रोयचा. सगळे तिथले मोठे आर्टिस्ट लोक. आणि हातात हे नवीन पुस्तक. आपण सगळ्यांनी जायलाच पाहिजे."

"पुस्तक आधी पुरं होऊ दे," मैथिली म्हणाली. "पानं येऊन दोन महिने झाले."

"अगं, रोयने आजपर्यंत एक डेट चुकवलेली नाही!"

स्वयंपाकघरात काकडी चिरणाऱ्या सेरेनाचा हात क्षणभर थांबला. ॲनीने ते पाहिले.

"आज नको," ती हळू म्हणाली.

"काय नको, मम्मी?"

"तू मैथिलीला सांगितलंयस. आल्यापासून ती माझ्याशी जास्तच गोड बोलतेय."

सेरेनाने काकडी बशीत सरकवली. "दोन वर्षं झाली. बंगळुरूच्या स्टुडिओवाल्यांनी काम दाखव म्हटलं. काय दाखवू मी? प्रत्येक पानावर पप्पांचं नाव."

"त्याच्या नावावर काम येतं."

"आणि माझ्या हातानं जातं."

ठाण्याच्या इस्पितळात सिस्टर म्हणून आयुष्य काढलेल्या तिला डॉक्टरांच्याही आधी कळले होते. वर्तमानपत्र वाचताना मांडीवर ठेवलेल्या रोहेलिओच्या हाताचा अंगठा तर्जनीवर आपोआप फिरू लागला होता, जणू तो न दिसणारी गोळी वळत होता. पुढे कंपवाताचे निदान झाले, गोळ्या सुरू झाल्या, आणि एका संध्याकाळी, कोणी कोणाला काही न विचारता, सेरेना बापाच्या खुर्चीत बसली. त्या दिवसापासून अमेरिकेतून पेन्सिलने रेखाटून आलेल्या कॉमिकच्या पानांवर शाई चढवण्याचे काम तीच करत होती. घराबाहेर हे कोणालाही ठाऊक नव्हते. ॲनीच्या मते ते तसेच राहायला हवे होते. निदान हे शेवटचे पुस्तक होईपर्यंत.

*

जेवायला बसल्यावरही रोहेलिओ आला नाही. ॲनीने दारावर टकटक केली तेव्हा आतून आवाज आला, "मी येते. तुम्ही बसा." मराठी तो बायकोकडून आणि सासूकडून शिकला होता, त्यामुळे पंचवीस वर्षांनंतरही त्याची क्रियापदे बायकांचीच होती. पूर्वी केनेथ यावर पोट धरून हसे. आज तो फक्त हसल्यासारखे करून माशाचा काटा काढू लागला.

मैथिलीने पाण्याचा घोट घेतला आणि ग्लास जपून खाली ठेवला. शाळेत शिकवणाऱ्या बाईच्या आवाजात ती म्हणाली, "केनेथ, मनिलाला जायच्या आधी एक गोष्ट तुला कळायला हवी. सेरेना, तू सांगतेस की मी सांगू?"

"मैथिली," ॲनी म्हणाली, "हा आमच्या घरातला प्रश्न आहे."

"मीही याच घरातली आहे ना, ॲनी? की अजून बाहेरचीच?"

सेरेनाने मग सांगितले. फार थोड्या वाक्यांत सांगितले. गेली दोन वर्षे पुस्तकांवर नाव रोहेलिओचे होते आणि हात तिचा होता. ही बारा पानेही तीच करणार होती, पण या वेळी तिला आपले नाव हवे होते.

केनेथने घास ताटात परत ठेवला. त्याला राग आला होता तो फसवणुकीचा नव्हे. दोन वर्षे दर रविवारी फोन करणाऱ्या आपल्याला कोणी विश्वासात घेतले नाही, याचे त्याला वाईट वाटले होते. रोहेलिओ पहिल्यांदा ठाण्यात आला तेव्हा केनेथच्या वागळे इस्टेटमधल्या पोलादी डाय बनवण्याच्या वर्कशॉपमागच्या गल्लीत कार्टून फिल्मचा एक स्टुडिओ होता. तिथल्या पोरांना रेषा शिकवायला हा मनिलाचा माणूस सहा महिन्यांसाठी आलेला. स्टुडिओ बुडाला, पोरे पांगली, हा मात्र राहिला. ॲनीने लग्नाचे काढले तेव्हा बापाच्या शेजारी उभा राहून केनेथनेही नकार दिला होता. "दुसऱ्याच्या चित्रावर रेघोट्या मारणारा माणूस," त्यांचा बाप सिडनी म्हणाला होता, "स्वतःचं चित्र कधी काढणार?" लग्नानंतर वर्षभराने केनेथने त्याला काम करताना पहिल्यांदा नीट पाहिले. एकाच फटकाऱ्यात ब्रशची रेघ केसासारखी सुरू झाली, मध्ये बोटाएवढी जाड झाली आणि पुन्हा केसासारखी संपली. केनेथ पोलाद कापणारा माणूस होता. नेमकेपणा म्हणजे काय ते त्याला कोणी समजावण्याची गरज नव्हती. त्या दिवसापासून बहिणीच्या नवऱ्याबद्दल गल्लीभर बढाया मारणारा तोच होता.

"नाव पाहिजे म्हणजे?" तो म्हणाला. "बापाचं शेवटचं पुस्तक. तिकडे त्याचा सन्मान करायला बसलेत. आणि तू आता सांगणार, की हे त्याने केलंच नाही?"

"हे मी केलं एवढंच सांगणार. त्याने आधी काय केलं ते कोण पुसतंय?"

"लोक पुसतात, बेटा. लोकांना एवढंच काम असतं."

"मग तिनं आयुष्यभर दुसऱ्याच्या नावाखाली राबायचं का?" मैथिली म्हणाली. "मुलगी आहे म्हणून चाललं. मुलगा असता तर पहिल्याच दिवशी तू दोघांच्या नावांची पाटी रंगवून आणली असतीस."

"मैथिली, तू प्लीज वर्गात आहेस तसं नको बोलूस."

"रूथनं त्याच्यावर विश्वास ठेवून पाठवलीत ती पानं," ॲनी मध्येच म्हणाली.

रूथ ही अमेरिकेतल्या लॉइडची विधवा. लॉइड पेन्सिलने पाने रेखाटायचा आणि रोहेलिओ त्यावर शाई चढवायचा. वीस वर्षांहून अधिक काळ दोघांनी असे काम केले, पण ते एकदाही एकमेकांना भेटले नाहीत. अलीकडे पाने फाइलमधूनच यायची आणि सेरेना ती फिक्या निळ्या रंगात छापून घेऊन त्यावर काम करायची. बिघडले तर दुसरी प्रत काढता येई. पण आजारपणात लॉइडने ही शेवटची गोष्ट कागदावर रेखाटली, आणि तो गेल्यावर रूथने ते कागदच कुरिअरने पाठवले. छापणाऱ्यांनाही तिने ती पाने दाखवली नव्हती. फोनवर ती एवढेच म्हणाली होती, की पुरी होईपर्यंत यांची प्रत काढू नका, लॉइडला अपुरे काम कोणी पाहिलेले आवडत नसे.

*

दार सेरेनाने उघडायला लावले. तिने हाक मारली नाही, नुसती बाहेर उभी राहिली, आणि थोड्या वेळाने आतून कडी निघाली.

रोहेलिओ टेबलाशी बसला होता. मिस्साचा पांढरा शर्ट त्याने बदललेला नव्हता. सेरेनाचे लक्ष आधी पानाकडे गेलेच नाही. तिला त्याच्या मांडीवर, टेबलाच्या कडेवर आणि जमिनीवर पडलेला खोडरबरचा चुरा दिसला. करड्या, बारीक, वळलेल्या अळ्यांसारखा. तो चुरा ती जन्मापासून ओळखत होती. शाळेत जाण्याच्या वयात तिचे पहिले काम होते पेन्सिलवाल्याने जिथे बारीक फुली मारली असेल तिथे काळे भरणे. दुसरे, शाई सुकली की खालची पेन्सिल खोडून काढणे. चुरा याचा अर्थ पेन्सिल गेली.

"पप्पा, कुठलं?"

त्याने हात बाजूला घेतला. बारावे पान होते. शेवटचे.

त्या पानावर काय होते ते सेरेनाला पाठ होते. आयुष्यभर शहरावर पहारा देणारा म्हातारा नायक घरी येतो, मुखवटा काढून टेबलावर ठेवतो, आणि समोर बसलेली त्याची बायको त्याच्याकडे पाहते. शेवटच्या मोठ्या चौकटीत फक्त तिचा चेहरा. रूथचा एक फोटो या खोलीच्या भिंतीवर लॉइडसोबत लावलेला होता; त्यामुळे तो चेहरा कोणाचा हे पाकीट उघडले त्याच दिवशी दोघांना कळले होते.

आता त्या चौकटीत थरथरत्या, जागोजागी तुटलेल्या रेषा होत्या. डोळ्याखालची एक रेघ गालावर उतरली होती. ओठांच्या जागी शाईचा थेंब पसरला होता. बाई रागावलेली दिसत होती, किंवा आजारी, किंवा कोणीच नाही.

"का खोडलंत?" सेरेनाने विचारले. तिचा आवाज तिलाच अनोळखी वाटला. "शाई बिघडली होती तर बिघडू द्यायची. खाली पेन्सिल असती तर मी वर पांढरा रंग लावून परत काढलं असतं. का खोडलंत, पप्पा?"

"शाई सुकली," तो म्हणाला. "मग रबर. मग बघायचं."

मनिलात सोळाव्या वर्षी तो ज्या उस्तादाच्या कारखान्यात लागला, तिथला हा नियम होता. खाली पेन्सिलचे करडेपण असेपर्यंत कोणतीही शाई चांगलीच दिसते. पेन्सिलवाल्याचे कसब शाईवाल्याला आपले वाटू लागते. म्हणून आधी खोडायचे, आणि मगच आपण काय केले ते पाहायचे. अपवाद नाही. हाँगकाँगच्या खोलीत, ठाण्याच्या भाड्याच्या घरात आणि इथे कल्याणला, हजारो पाने त्याने अशीच पूर्ण केली होती. आज सकाळी चर्चमध्ये हात थरथरला नाही. प्रार्थनापुस्तक स्थिर धरता आले, म्हणून तो घाईने घरी आला होता. एक तरी पान, शेवटचे तरी, आपल्या हाताचे असावे. ब्रश टेकला आणि हात पुन्हा थरथरू लागला. तरी रोहेलिओ थांबला नाही. थांबला असता तर पुन्हा कधी ब्रश टेकवला नसता हे त्याला माहीत होते.

दारात ॲनी, केनेथ आणि मैथिली येऊन उभे होते.

सर्वांत आधी केनेथ बोलला. "ठीक आहे. एक पान. ही काढेल परत. काय गं? तुला बापाचा हात येतो, तर त्या लॉइडचा पण येईल ना? कोरा कागद घे. तसाच कागद आणू. मी आणतो."

"मामा, ते त्याच्या बायकोचं चित्र आहे."

"म्हणून तर! तिला ते मिळायला पाहिजे."

सेरेनाने मैथिलीकडे पाहिले. मैथिली आत आली होती आणि पानावर वाकली होती. सरळ झाली तेव्हा तिचा चेहरा बदलला होता.

"सेरेना," ती म्हणाली, "नावाचं मी बोलले ते खरंच बोलले. पण हे वेगळं आहे. नवरा गेलाय तिचा. तिला हे कळवून कोणाचं भलं होणार? काढ तू. नावाचं पुढच्या वेळी बघू."

"पुढची वेळ नाहीये, मामी."

"तुझ्यासाठी असेल. बघ ना त्यांच्याकडे."

रोहेलिओ दोन्ही हात मांड्यांखाली घालून बसला होता, शिक्षा झालेल्या मुलासारखा.

आपण ते करू शकतो, हे सेरेनाला ठाऊक होते. डोळे मिटले तरी तो चेहरा तिला दिसत होता. उजवी भुवई किंचित वर, डोळ्यांशी तीन सुरकुत्या, खालचा ओठ हसण्याच्या बेतात. लॉइडची पेन्सिल, बापाची शाई, दोन्ही तिला जमले असते आणि त्यांत तिचे काहीच दिसले नसते. तिच्या मनात आले, बापाने एकदा तोंडाने मागावे. मागितले तर ती नाही म्हणणार नव्हती.

"पप्पा, सांगा तुम्ही. काढू?"

त्याने पानावरून नजर काढून तिच्याकडे पाहिले.

"तू चांगली करशील," तो म्हणाला. "एकदम चांगली. ती रूथ, ती बघेल आणि म्हणेल, हे लॉइडने काढलं." त्याने मान हलवली. "म्हणून नको."

"रोय, असं काय करतोस!" केनेथ म्हणाला. "मनिलावाले, पुस्तक, सगळं..."

"केन," ॲनी म्हणाली.

सकाळपासून ती ज्याच्यासाठी लढत होती ते तिला आता समोर फाटून पडलेले दिसत होते. वॉर्डात पेशंट गेला आणि नातेवाइकांना काही गोड, धूसर सांगण्याची वेळ आली की डॉक्टर तिला पुढे करत; तिचा आवाज शांत होता म्हणून. ती सांगत असे. पुष्कळदा ते खरे नसे. या घरातही दोन वर्षे तिने तेच केले होते.

"मी आजपर्यंत गप्प बसा म्हणत होते," ती म्हणाली. "आता नाही म्हणणार. त्या बाईनं त्या पानांतून तिचा नवराच आपल्याकडं पाठवलेला. रोय, फोन लाव तिला."

"ॲनी, अगं निदान आज तरी..." मैथिली म्हणाली.

"आजच. उद्या आपण सगळे शहाणे होऊ."

*

तिकडे सकाळ होईपर्यंत थांबावे लागले. चहा झाला, कोणी प्यायले, कोणी नाही. खालून कल्याण यार्डातल्या मालगाडीचे डबे एकमेकांना भिडल्याचे आवाज येत राहिले. केनेथ दोनदा जायला उठला आणि दोनदा बसला.

रोहेलिओ फोन स्पीकरवर लावून, टेबलावर ठेवून बोलला, कारण हातात तो स्थिर राहत नव्हता. तो इंग्रजीत बोलत होता, साधी, छोटी वाक्ये. बारावे पान मी बिघडवले. पेन्सिल खोडली गेली. मला आजार आहे. आणि आणखी एक: दोन वर्षांपासूनचे सगळे काम माझ्या मुलीचे आहे. तिचे नाव सेरेना. आडनाव सांगताना त्याने ते अक्षर अक्षर करून सांगितले, जणू पलीकडे कोणी लिहून घेत होते.

केनेथला वाटले लाइन तुटली. मग रूथचा आवाज आला, म्हातारा आणि अगदी सभ्य.

गेल्या दोन वर्षांत लॉइड एक गोष्ट सारखी म्हणायचा, ती म्हणाली. रोहेलिओची रेघ पुन्हा तरुण झालीय. आजारी असूनही त्याने ही बारा पाने काढली ती त्या रेघेसाठी. आणखी एक पुस्तक करू म्हणाला होता. मग म्हणाली, तर तो तुमच्यासाठी काढत नव्हता.

सेरेना खिडकीशी उभी होती. या कामाला जोडलेले तिचे नाव घराबाहेरच्या कोणी पहिल्यांदाच ऐकले होते. तिला वाटले, आता रूथ विचारेल, ती तिथे आहे का. मला तिच्याशी बोलू दे. तिने एक पाऊल टेबलाकडे टाकलेही.

रूथने विचारले नाही. लॉइडला हे कळायला हवे होते, ती म्हणाली. त्याला कळले असते तर त्याने तिला पत्र लिहिले असते. आता मला काही सुचत नाही. उरलेली अकरा पाने आहेत तशी परत पाठवा. पुस्तक होणार नाही.

"आणि बारावं पान?" रोहेलिओने विचारले.

"ते मला पाहायचं नाही," रूथ म्हणाली. त्याच्या तब्येतीची चौकशी करून तिने फोन ठेवला.

खोलीत कोणी कोणाला दोष दिला नाही. केनेथने खिशातून प्रवास कंपनीचा कागद काढला, पाहिला, आणि घडी करून परत ठेवला. मैथिली म्हणाली, "मी कपबशा धुते," आणि गेली. ॲनीने कपाटातून पुठ्ठे, पातळ कागद आणि चिकटपट्टी आणली.

रोहेलिओने टेबल पुसले. सकाळचा ब्रश पाण्यात खळबळून त्याने ओठांनी त्याला टोक आणले. हात कापत होता, पण त्या कामाला स्थिर हात लागत नव्हता. टोक वर करून ब्रश पेल्यात ठेवून दिला. बारावे पान त्याने स्वतःच उचलले आणि टेबलाच्या खणात उलटे ठेवले.

सेरेना अकरा पाने एकेक करून पुठ्ठ्यावर रचत होती. प्रत्येकावर तिचा हात थोडा रेंगाळत होता. केनेथ तिच्या शेजारी येऊन उभा राहिला. इतक्या वर्षांत त्याने शाई चढलेलीच पाने पाहिली होती. नुसत्या पेन्सिलची पाने तो आज प्रथमच जवळून पाहत होता. इमारतींच्या बाजूंवर, कोटाच्या घड्यांत, खिडक्यांमध्ये, बारीक करड्या फुल्या होत्या. पुष्कळ होत्या.

"ह्या कसल्या फुल्या?" त्याने हलक्या आवाजात विचारले.

"काळं भरायच्या जागा."

"मग आता कोण भरणार?"

सेरेनाने वर पातळ कागद पसरला आणि दोन्ही तळव्यांनी तो सारखा केला. कागदातूनही फुल्या दिसत होत्या. ॲनी चिकटपट्टीचे टोक शोधत होती. ते सापडेपर्यंत सेरेना तशीच, हात कागदावर ठेवून, उभी राहिली.